अर्ज मागे घेतला त्या दिवशी

आमचा अर्ज मागे घेतला हे मला कोर्टाबाहेर आल्यावर कळलं. कोल्हापूरच्या हायकोर्टात मी मागच्या बाकावर बसले होते. न्यायाधीश काय बोलले ते कळलं नाही. आमच्या सोलापूरच्या वकीलबाई बाहेर येऊन म्हणाल्या, "आजी, थेट इथं आलो ते चुकलं. खोलीच्या उताऱ्यावर पुतण्याचं नाव लागलं, त्यावर आधी सोलापुरात वरच्या अधिकाऱ्याकडं अपील करायला हवं होतं. साहेब अर्ज फेटाळणार होते, म्हणून आपणच मागे घेतला. अपील करायची मुभा मिळालीय."

एवढं मला कळलं. मी जन्मभर विड्या वळल्या. कारखान्यात तपासणाऱ्यापुढं माल ठेवायच्या आधी सैल वळलेली कच्ची जुडी आपणच काढून घ्यायची. त्याच्या हातात गेली की तो मोडून टाकतो.

"आन् मला खोलीतनं काडू नये म्हनून मिळालेली स्थगिती?" मी विचारलं.

"ती अर्जाबरोबर गेली. उद्या सकाळी अपील टाकू, तिथं नवी मागू."

"म्हंजे आज रातीला कायच न्हाय?"

"आज खोली सोडू नका," त्या म्हणाल्या.

मी तर कोल्हापुरात उभी होते.

भवानी पेठेतली ती एक खोली. नवरा गेल्यापासून मी एकटी राहते. वरच्या मजल्यावर पुतण्या. त्यानं नवं कुलूप आणून ठेवलं आहे. जिना उतरताना ते हातात खेळवत जातो. खोली रिकामी सापडली की कुलूप लागलं, हे ठरलेलं. म्हणून शेजारणीला सूप घेऊन माझ्या खोलीत विड्या वळायला बसवलं होतं.

एसटीत बसल्यापासून तिला फोन लावत होते. मिरज गेलं, सांगोला गेलं, ती उचलेना. वकीलबाई शेजारी घोरत होत्या. एकदा वाटलं, उतरावं आणि कुठं तरी निघून जावं. पण जाणार कुठं?

बोळात शिरले तेव्हा दिवे लागले होते. दाराबाहेर शेजारणीच्या चपला नव्हत्या. दार बंद. अंधारात कडी चाचपली. कुलूप नव्हतं. दार ढकललं, तर आतून लावलेलं.

"कोन हाय?" आतून आवाज आला.

"मी हाय, उघड. फोन का उचलंना गं?"

"तुजा पुतण्या दाराशीच हुबा होता की, अक्का. फोनचा आवाज बंद करून पिठाच्या डब्यात टाकला."

"आन् चपला?"

"आत घेतल्या. त्याचा काय भरवसा!" तिनं दार उघडून परत कडी लावली. "म्हनला, म्हातारी हरली, खोली खाली कर. मी म्हनलं, माज्या हजार विड्या व्हायच्यात. झाल्या की उठते."

वर जिन्यावर पावलं वाजली. पावलं थांबली, पण परत गेली नाहीत.

"किती झाल्या?" मी हळूच विचारलं.

"सातशे."

"मग सावकाश वळ," मी म्हणाले आणि दाराला पाठ लावून बसले.