पाद्रीबुवा, पाटलीणबाई आणि उस्मानभाईचा पंजा

कंपनीच्या फिल्म क्लबात राहिलं की किस्से गोळा करावे लागत नाहीत राव, अंगाला ग्रीस लागतं तसे आपोआप लागतात! सत्तरच्या दशकात आमच्या चिंचवडच्या कॅन्टीनमध्ये पांढरी चादर ताणून सिनेमे दाखवायचो. त्यातल्या एकाच सिनेमाने एवढे किस्से दिले!

*

क्लबचा सेक्रेटरी सावंत. कोकणातला, लग्न ठरलेलं आणि नोकरी टेंपररी. मॅनेजरसाहेबांनी त्याला बजावलं, "या वेळी काहीतरी अभिजात दाखवा. आमच्या मातोश्री येणार आहेत. नीट पार पडलं तर तुमच्या पर्मनंटचं बघतो."

सावंतने पुण्याच्या फिल्मवाल्याला गाठलं. तो म्हणाला, "पाच-सहाशे वर्षांपूर्वीच्या गोष्टींवरचा परदेशी सिनेमा आहे. नावाजलेला!"

सावंत खूश. एवढं जुनं म्हणजे सोवळंच असणार!

*

त्याने फळ्यावर लिहिलं, 'सर्वांनी सपत्नीक यावे. खाली इंग्रजी वाचावे लागेल, सबब मुलांना आणू नये.'

देवानेच बुद्धी दिली म्हणायची!

*

प्रोजेक्टर चालवायचा आमचा फिटर उस्मानभाई. नको तो सीन आला की लेन्सपुढे पंजा धरायचा, ही त्याची रीत. हिंदी सिनेमे त्याला पाठ होते. हा नव्हता.

पहिल्याच रिळात एक पाद्रीबुवा गवताच्या गंजीत शिरले, मागोमाग तिथली पाटलीणबाई! भाईचा पंजा आला तेव्हा सगळं उरकलं होतं. झाकलं गेलं ते पुढच्या सीनमधलं बिचारं गाढव!

"भाई, आधी धर ना!" सावंत कळवळला.

"आधी म्हंजे कधी? मैंने क्या पिक्चर देखा है?"

*

पुढच्या रिळाला भाईने पंजा धरला तो धरलाच. चादर काळी, आवाज मात्र चालू. ते तर फारच वाईट झालं! बायकांनी पदर तोंडात कोंबले.

साहेब ताडकन उठले. "सावंत!"

सावंतची गेली नोकरी, आता लग्नही मोडतंय, असं आम्हा सगळ्यांना वाटलं.

तेवढ्यात पहिल्या रांगेतून मातोश्री कडाडल्या. मावळातली म्हातारी, घरात साहेबांचंसुद्धा काही चालायचं नाही. "आरं बस की खाली! तू काय आभाळातनं पडलास व्हय?"

साहेब बसले. मग घसा खाकरून म्हणाले, "सावंत, तुमचं पर्मनंटचं सोमवारी करून टाकू."

आमचा जीव भांड्यात पडला!

"आणि त्या भाईला हात काढायला सांगा. आईला दिसत नाहीये."