गोमाशीवर लावलेला बिब्बा

तवा गोठ्यात आमी चौघी व्हतो. म्या, माजी थोरली जाऊ, सून आन म्हैस. म्हैस बी मोजायची, कारण मालक गेल्यापासनं घर तिच्याच दुधावर चाललंय. आन ती माज्याबिगर कुणाला सडाला हात लावू देत न्हाय.

पावसाळ्याचं दिस व्हते. धार काढताना गोमाशी मनगटावर बसली. डास चावला तर निस्ती खाज सुटती. हिनं कातडं कापलं, रगताचा थेंब आला. घटकाभरात मनगट लाल, गरम, टम्म सुजलं.

जाऊ म्हनली, "इख चढंल गं. बिब्बा लावू."

सून म्हनली, "थोरल्या आत्या, साबनानं धुऊ की. गार फडकं ठिवू."

"तू गप. तुज्या जल्माच्या आदीपासनं बिब्बं लावतीया म्या."

तिनं बिब्बा सुईला टोचला, दिव्यावर धरला आन त्याचं ऊन ऊन तेल चावल्या जागी टेकवलं. म्या दात आवळून बसले.

सकाळी बघते तर फोड आलेले, त्यातनं पाणी गळतंय. बोटं वळंनात. तिकडं म्हैस हंबरतीया, सड ताठल्यात. हात दुखत व्हता, त्ये सोसलं असतं. पर हात गेला तर म्हैस मुरुम गावच्या बाजारात इकाया उभी करावी लागंल, ह्येच डोस्क्यात.

दवाखान्यात डागदरीन बाई म्हनली, "आजी, माशीची सूज आपसूक बसली असती. हे बिब्ब्यानं भाजलंय."

हाताला पट्टी व्हती तवर सुनंनं माजं न धुतलेलं लुगडं नेसून धार काढली. म्हशीनं लई हुंगलं, मग ऱ्हायली उभी. जाऊ म्हनली, "घ्या! हिला बी सासू कोण, सून कोण, कळंना."

हात बरा झाला. डाग हाय, ऱ्हाऊ दे. आता शेण गोठ्यापासनं लांब टाकतो, लिंबाच्या पाल्याचा धूर करतो, आन म्या लेकाचा लांब बाह्याचा सदरा घालून धारंला बसते. आदी म्हैस बुजली, आता न्हाय बुजत.

तुमी वाचताय तर येवढं करा. गोमाशी चावली तर साबनानं धुवा, गार फडकं ठिवा, खाजवू नका. सूज पसरली, पू झाला, न्हायतर दम लागाया लागला तर दवाखाना गाठा. बिब्बा तेवढा लावू नका.