उस्तादांचा ऊद

उस्तादांना किळस फार लवकर यायची आणि ती त्यांच्या चेहऱ्यावर लपत नसे. लॉबीत रेकॉर्डवरचं ‘अरेबियन’ संगीत लागलं, की आमटीत माशी पडल्यासारखं तोंड करून ते मला म्हणायचे, "बिंती, बंद कर हे. उंटानेसुद्धा ऐकू नये!" बिंती म्हणजे माझी लेक. मी वसईची, दुबईतल्या त्या हॉटेलात टेलिफोन ऑपरेटर. ते बगदादचे. रोज संध्याकाळी लॉबीत ऊद वाजवायचे, फुगीर पोटाचं ते अरबी तंतुवाद्य.

एकदा एक म्हातारी इराकी बाई चेक-आउटला आली आणि ऊद ऐकून आपल्या बॅगेवरच बसली. रडत रडत गुणगुणू लागली. वाजवता वाजवता उस्ताद तिचे चुकलेले शब्द सुधारत होते. नंतर म्हणाले, "आमच्या मोहल्ल्यातलं लग्नाचं गाणं. मोहल्ला राहिला नाही. गाणं येणारे आम्ही दोघं इथे भेटलो."

मग २००८ची मंदी आली. खोल्या ओस पडल्या. आमच्या मुंबईकर मॅनेजरने उस्तादांना भाड्याचा झगा नि प्लॅस्टिकची कट्यार चढवून बार्बेक्यू पार्टीत बसवलं. "यल्ला उस्ताद, कुछ मस्तीवाला बजाओ!" तो ओरडला. एका झिंगलेल्या पाहुण्याने चघळलेलं कोंबडीचं हाड उदाच्या भोकात टाकलं. ते आत खुळखुळलं. सगळे हसले, मॅनेजर सगळ्यांत मोठ्याने.

उस्तादांनी ऊद उपडा करून हाड काढलं. झगा उतरवून खुर्चीवर टाकला. "खलास," एवढंच म्हणाले आणि महिनाअखेरीस अम्मानला मुलीकडे निघून गेले.

त्यानंतर मॅनेजरने त्यांच्या वादनाचं जुनं रेकॉर्डिंग फोनच्या होल्डवर लावलं. त्यांना विचारलंसुद्धा नाही. मध्येच सूर तोडून एक बाई शुक्रवारच्या ब्रंचवरची सवलत सांगायची. शिसारी यायची ऐकून.

काही महिन्यांनी उस्तादांच्या मुलीचा फोन आला. बाबांचा चष्मा हॉटेलात राहिलाय का, विचारत होती. हाउसकीपिंगला विचारायला मी तिला होल्डवर टाकलं. मी परत लाइनवर आले.

"हे बाबा वाजवतायत ना?" तिने विचारलं.

"हो, तेच."

"इथे आल्यापासून त्यांनी ऊद पेटीतून काढलेला नाही. माझ्या मुलीने तर कधी ऐकलाच नाही. परत लावाल? तिला बोलावते."

मी होल्डचं बटण दाबलं. लाल दिवा लुकलुकत राहिला. तिकडे नात आजोबांचा ऊद पहिल्यांदा ऐकत होती आणि जाहिरातीतली ती बाई तिला पुन्हा पुन्हा ब्रंचला बोलावत होती.