गजराबाईचा मंगळवार

सोनारीच्या गजराबाईनं समुद्र कधी बघितला न्हाय. पाणी म्हणजे तिच्या लेखी हीर, न्हायतर सीना-कोळेगावचं धरण. तिचा शिवप्रसाद मालवाहू जहाजावर खलाशी होता. जपानकडच्या समुद्रात, वादळात डेकवरनं पडला अन् सापडला न्हाय. कंपनीचा चार पानी इंग्रजी कागद आला. खाली आईचा अंगठा पाहिजे. अंगठा दिला की पोरगं मेलं असं धरून फाइल बंद.

बाई अंगठा देईना. आमच्याकडं कुणी हिरीत पडलं तर माणूस वर येईस्तोवर गाव काठावरनं हलत न्हाय. तिसऱ्या दिवशी पाणी त्याला वर देतंय. ह्यांनी दुसऱ्याच दिवशी जहाज हाकलं. कुणाच्या हुकमानं, ते आधी सांगा, हे तिचं म्हणणं.

भूमला गुंडप्पा राहतात, नौदलातनं पेटी ऑफिसर म्हणून रिटायर झालेले. दर बाजारी बाई एसटीनं कागद घेऊन त्यांच्या दारात. ते एकेक शब्द उलगडून सांगायचे. जहाजावर कॅप्टनच्या वर कुणी न्हाय. पण शोध थांबवायचा हुकूम किनाऱ्यावरचं बचाव केंद्र देतं. त्यानं मोकळं केल्याबिगर कॅप्टननं जागा सोडायची न्हाय. जहाजावर झेंडा ज्या देशाचा, चौकशी त्या देशाची. यावर बाई म्हणाली, पोरगं सोनारीचं अन् चावडी तिकडं, बरंय की. दीड महिन्यात लॉगबुक, जहाजाची तासातासाची नोंदवही, म्हणजे काय, ते तिला आमच्या तलाठ्यापेक्षा चांगलं कळाय लागलं.

अक्षर येत न्हवतं, पण नजर जन्मभर शेरडं राखलेली. एका बाजारी तिनं कागदावर हात ठेवला.

“दादा, ही एक ओळ तुमी दर टायमाला सोडताव.”

गुंडप्पांनी चष्मा काढला. पुसला, मग वाचलं. तसल्या गार पाण्यात माणूस अकरा तास तग धरतो, असा केंद्राचा अंदाज होता. शोध चालला होता तीस तास.

“मंग बाकीचे एकोणीस तास काय हुडकत व्हते?”

“मढं, आक्का.”

 म्हणजे काठावर बसली व्हती माणसं, बाई एवढंच पुटपुटली. मग पडल्याचा वक्त विचारला. कागदात उतरवलेल्या लॉगबुकात मंगळवार, तिकडच्या पहाटेचे चार. गुंडप्पांनी अकरा तास मिळवले, तिकडचे दुपारचे तीन आपल्या घड्याळात बसवून सांगितलं: मंगळवारी सकाळी साडेअकरा.

“त्या वक्ताला म्या शेरडांना पाणी पाजत व्हते,” बाई म्हणाली, अन् अंगठ्याला शाई मागितली.

दर्भाचा पुतळा करून किरवंतानं विधी केला. श्राद्धाची तिथी काढाय त्यानं कागद बघितला, तर त्यावर शोध थांबल्याचा दिवस, बुधवार. बाईनं कागद त्याच्या हातातनं काढून घेतला.

“मंगळवारची धरा. बुधवारी त्यो न्हवताच.”