कॅलेंडरच्या पानाचं कव्हर

माझ्या बायकोला कव्हर घातल्याशिवाय पुस्तक हातात धरवत नसे. आजारपणात कुणीतरी दिलेल्या एका पुस्तकालाही तिनं जुन्या कॅलेंडरचं पान घातलं. त्या पुस्तकाचा लेखक हल्ली घरोघरी वाचतात. त्याचं सांगणं एवढंच, की काल संपला, उद्या आलेला नाही, आहे तो हा क्षण, त्यात राहा. दवाखान्यात पडल्या पडल्या ती वाचायची आणि म्हणायची, "तुम्हीपण वाचा हो, बरं वाटतं."

ती गेल्यावर वाचायला घेतलं. लेखक म्हणतो त्या क्षणात जाऊन बसलो. तिथं पंखा फिरत होता आणि समोरची खुर्ची रिकामी होती. एवढ्याशा जागेत माणसानं राहायचं तरी कसं?

पुस्तक मिटलं, तर कव्हरवर तिचं अक्षर. 'दूध नाही.' 'नवा गॅस लावला.' 'ताई जेवायला.' तारखांच्या चौकोनांत आमचं अख्खं घर नांदत होतं.

परवा मुलीनं फोनवर विचारलं, "बाबा, कुठवर आलं पुस्तक?"

"अजून कव्हरच वाचतोय," मी म्हटलं. "आत कुणीच नाही गं."