तोंडावर म्हटलेलं विडंबन

नाशिकच्या आमच्या वाचनालयात पुस्तकांच्या देवघेवीच्या खिडकीशी एक कारकून बसत. शिक्क्याचा ठेका धरून विडंबन म्हणत, कधी मंगलाष्टकांचं, कधी पुढाऱ्यांच्या भाषणांचं. “तमाशातला सोंगाड्या राजाची टवाळी राजासमोर करायचा,” ते सांगत. “पाठीमागे केली तर ती चहाडी.” त्यांची स्वतःची विडंबनं मात्र तोवर पाठीमागेच झाली होती.

नव्वदच्या दशकातल्या एका वर्धापनदिनी वाचनालयाचे नवे अध्यक्ष, चांदवडकडचे कांद्याचे व्यापारी, चहा घेताना त्यांना म्हणाले, “तुम्ही आमचं भाषण लय भारी म्हणता, असं कानावर आलंय. म्हणा की.”

खिडकीवरची नोकरी या अध्यक्षांच्याच हातात होती. आम्ही सगळे आपापल्या कपात पाहू लागलो.

कारकून उभे राहिले. “मी एक साधा माणूस आहे. माझा साधेपणा पाहायला लोक गाड्या करून येतात...” त्यांनी एक शब्दही गाळला नाही.

अध्यक्षांचे डोळे भरून आले. “मनातलं बोललात बघा. रविवारी माझा सत्कार हाय, तिथं हेच वाचा.”

आम्हाला हायसं वाटलं. ते मात्र बसले नाहीत.

“साहेब, ही स्तुती नाही. तुमच्या भाषणाची टवाळी आहे.”

अध्यक्षांनी कप खाली ठेवला आणि खुर्ची पुढे ओढली.

“असं? मग परत म्हणा. आता नीट ऐकतो.”

कारकुनांनी चष्मा पुसला आणि पहिल्यापासून सुरुवात केली. आवाज कापत होता, पण शब्द तेच होते.