पद्माकर रिसबूडचं तमिळ

सिंगापूरमधल्या चोआ चू कांगच्या मराठी घरांत पद्माकर रिसबूडला मान होता, तो त्याच्या तमिळमुळे. जहाजांची इंजिनं तपासणारे तिथे पैशाला पासरी होते, पण मद्रासच्या गोदीत उमेदवारी करून तमिळ शिकलेला हा एकटाच. त्यामुळे दर दिवाळीत त्याचा मित्र प्रबोध याच्या फ्लॅटवर तोच एक गाजलेला तमिळ पोलिसपट लागला, की टीव्हीशेजारची खुर्ची पद्माकरची. तो अर्थ सांगणार आणि बाकीचे ऐकणार.

सिनेमातला इन्स्पेक्टर खुनाच्या संशयावरून एका पोराला पट्ट्यानं फोडून काढतो. पोरगा ओरडत असतो, "मी काही केलं नाही, साहेब." पहिल्या वर्षी मंडळींनी त्या मारावर टाळ्या पिटल्या. रंगाचा बेरंग कशाला, म्हणून पद्माकरनं सांगून टाकलं, की पोरानं खून कबूल केला. पुढे तोच इन्स्पेक्टर आपल्या हातांकडे बघत ढसाढसा रडतो, तेव्हा त्याची आई आजारी आहे, असंही ठोकून दिलं.

झालं. वस्तीला नवा खेळ मिळाला. पत्त्यांत कुणी लबाडी केली, कुणाचं पोर नापास झालं, की पट्टा काढायचं सोंग करायचं आणि म्हणायचं, "कबूल कर." ज्या मारानं माणसाला शिसारी यावी, तो यांनी फराळाबरोबर चवीनं चघळला. पद्माकरला ते ऐकवत नसे. पण खुर्ची सोडवत नव्हती.

त्याच्या मुलीच्या, ईशाच्या शाळेत हिंदीची सोय नव्हती, म्हणून तिनं तमिळ घेतलं होतं. यंदा ती पहिल्यांदाच हा सिनेमा बघायला मोठ्यांत बसली. मार सुरू झाला, टाळ्या पडल्या, आणि ती शाळेतली सिंगापुरी इंग्रजी मिसळत प्रबोधला म्हणाली, "नाही अंकल, ही डिडन्ट डू इट, लाह. तो नाहीच म्हणतोय."

प्रबोधनं सिनेमा थांबवला. इतकी वर्षं आम्हाला बनवत होतास की काय, असं त्यानं हसत हसत पद्माकरला विचारलं. सगळे वळून बघू लागले. ईशाही बघत होती, अगदी निर्धास्त. बाबा आता खरं सांगणार, याबद्दल तिला शंकाच नव्हती.

"तिचं शाळेतलं तमिळ आहे," पद्माकर म्हणाला. "पोरानं कबूल केलंय."

मोठा हशा झाला. ईशा पुन्हा तेच सांगायला गेली, तर प्रबोधनं पट्ट्याला हात घातला आणि सगळी खोली तालात "कबूल कर, कबूल कर" असं ओरडू लागली. बायकासुद्धा. पद्माकरला त्या हसणाऱ्या तोंडांची किळस आली, आणि त्याहून जास्त स्वतःच्या मिटलेल्या तोंडाची. एक शब्द पुरला असता. तो त्यानं गिळला.

ईशा बापाकडे बघत राहिली. मग तिनं मान खाली घातली.

"ओके," ती म्हणाली. "त्यानं केलं. माझंच चुकलं."

सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या.